सुजलेला चेहरा, फेसाळ लघवी : मुलांमधील नेफ्रॉटिक सिंड्रोम समजून घेताना



वार्षिक अहवालात आकडेवारीच्या जोडीने एका आजाराची सविस्तर माहिती द्यावी, असा आपल्या रुग्णालयाचा प्रघात आहे. यंदा आम्ही निवडलेला आजार हिवताप, क्षयरोग किंवा सिकलसेल यांच्याइतका परिचित नाही. त्याचे रुग्णही संख्येने थोडे असतात. तरीही त्याची निवड केली, कारण या आजारात मुलाचे भवितव्य रुग्णालयातील खाटेपेक्षा घराच्या ओसरीवर अधिक ठरते. ही गोष्ट आम्ही पुस्तकातून शिकलो नाही. ती कशी शिकलो, हे पुढे ओघाने येईल.

प्रस्तुत लेख प्रशासन विभागाने लिहिला आहे. त्यातील वैद्यकीय मजकूर बालरोग विभागाच्या डॉक्टरांनी तपासून दिला आहे.

आजार कोणता?

मनुष्याच्या दोन मूत्रपिंडांपैकी प्रत्येकात सुमारे दहा लाख सूक्ष्म गाळण्या असतात. त्या रक्तातील टाकाऊ द्रव्ये लघवीवाटे बाहेर सोडतात आणि शरीराला हवी असलेली प्रथिने अडवून ठेवतात. नेफ्रॉटिक सिंड्रोममध्ये या गाळण्यांची छिद्रे सैल होतात आणि प्रथिने, विशेषतः अल्ब्युमिन नावाचे प्रथिन, लघवीतून वाहून जाऊ लागते. हिशेबाच्या भाषेत सांगायचे तर जमेपेक्षा खर्च वाढतो आणि शिल्लक घटत जाते.

रक्तवाहिन्यांतील पाणी आत धरून ठेवणे हे अल्ब्युमिनचे एक मुख्य काम आहे. ते कमी झाले की पाणी झिरपून त्वचेखाली व पोटात साठते आणि अंगावर सूज येते. तूट भरून काढण्यासाठी यकृत जादा काम करते, त्यात रक्तातील चरबीचे प्रमाणही वाढते. लघवीत प्रथिने, रक्तात अल्ब्युमिनची घट, अंगावर सूज आणि रक्तात चरबीची वाढ, या चार खुणा एकत्र दिसल्या की हे निदान होते.

सूज डोळ्यांना दिसते, परंतु खरा धोका डोळ्यांना न दिसणारा असतो. अल्ब्युमिनसोबत जंतूंशी लढणारी प्रथिनेही वाहून जातात, म्हणून या मुलांना जंतुसंसर्ग लवकर होतो व गंभीर होतो. रक्त गोठण्यावर नियंत्रण ठेवणारी प्रथिने घटल्याने रक्तवाहिन्यांत गुठळ्या होण्याची भीतीही असते.

हा आजार मुख्यतः दोन ते सहा वर्षे वयात सुरू होतो. मुलींच्या मानाने मुलग्यांत त्याचे प्रमाण सुमारे दुप्पट असते. दरवर्षी एक लाख मुलांमागे साधारण दोन ते सात नवीन रुग्ण आढळतात, दक्षिण आशियातील मुलांमध्ये हे प्रमाण अधिक आहे. बहुसंख्य मुलांमध्ये आजाराचे नेमके कारण सापडत नाही. शरीराच्या संरक्षक यंत्रणेतील बिघाडाशी त्याचा संबंध आहे, एवढे मानले जाते. तो संसर्गजन्य नाही. आईच्या खाण्यापिण्यातील चुकीने तो होत नाही आणि कोणाच्या नजरेने वा करणीने तर मुळीच होत नाही. पालकांनी हे वाक्य पुन्हा एकदा वाचावे, अशी विनंती आहे.

सूज एक, कारणे अनेक

प्रारंभ बहुधा असा होतो. सकाळी उठल्यावर मुलाच्या पापण्या फुगलेल्या दिसतात. दिवस वर येतो तशी डोळ्यांची सूज उतरते आणि संध्याकाळी पाय जड होतात. दोनचार दिवस घरच्यांना वाटते, मूल अंग धरू लागले आहे. पुढे पोट मोठे होते, मुलग्यांच्या अंडकोशावर सूज येते, लघवी कमी होते आणि जमिनीवर पडलेल्या लघवीवर फेस बराच वेळ टिकून राहतो.

चंद्रपूर व गडचिरोलीच्या वनपट्ट्यात या सुजेचा अर्थ लावणे सोपे नसते, कारण येथे मूल सुजण्याची इतर कारणेही हजर असतात. कुपोषणाच्या एका प्रकारात अंगावर सूज येते. परंतु तीत केस विरळ व भुरकट होतात, त्वचा सोलवटते आणि लघवीतून एवढी प्रथिने जात नाहीत. खरूज किंवा त्वचेवरील गळवांनंतर काही आठवड्यांनी मूत्रपिंडाला दाह होतो. त्यात लघवी लालसर किंवा काळ्या चहासारखी होते व रक्तदाब वाढतो. हा आजार बहुधा आपोआप उतरतो आणि त्याचा उपचार वेगळा असतो. सिकलसेल या पट्ट्यात आहेच, आणि तोही मूत्रपिंडांना इजा करू शकतो. हृदयाचे व यकृताचे आजारही सूज आणतात.

हिवतापाचाही येथे विचार करावा लागतो. दर चौथ्या दिवशी येणाऱ्या हिवतापाच्या जंतूमुळे मुलांना नेफ्रॉटिक सिंड्रोम होऊ शकतो, हे नायजेरियातील इबादान येथील डॉक्टरांनी १९६० च्या दशकात दाखवून दिले होते. म्हणून सूज व ताप घेऊन आलेल्या प्रत्येक मुलाच्या रक्ताची हिवतापासाठी तपासणी केली जाते.

चूक दोन्ही बाजूंनी होते. नेफ्रॉटिक सिंड्रोमचे मूल कुपोषित समजून केवळ आहारावर ठेवले, तर मोलाचे आठवडे वाया जातात. सुजलेल्या प्रत्येक मुलाला तपासणीविना स्टिरॉइड दिले, तर दडलेला क्षयरोग उफाळून येऊ शकतो. या दोन चुकांच्या मध्ये उभी असते ती लघवीची एक साधी तपासणी.

चमचा आणि मेणबत्ती

लंडनच्या गायज् हॉस्पिटलमधील डॉ. रिचर्ड ब्राइट यांनी १८२७ साली सूज, लघवीतील अल्ब्युमिन आणि मूत्रपिंडाचा आजार यांचा परस्परसंबंध जगापुढे मांडला. त्यांच्या परीक्षेची साधने होती चमचा आणि मेणबत्ती. चमच्यातील लघवी ज्योतीवर तापवली की त्यातील अल्ब्युमिन अंड्याच्या पांढऱ्या बलकाप्रमाणे गोठते.

ही गोष्ट येथे सांगण्याचे कारण हेमलकसा आहे. २३ डिसेंबर १९७३ रोजी बाबा आमटे यांनी भामरागडजवळ हेमलकसा येथे लोक बिरादरी प्रकल्प सुरू केला. डॉ. प्रकाश आणि डॉ. मंदाकिनी आमटे यांनी माडिया गोंड बांधवांसाठी तेथे दवाखाना उभा केला. तेव्हा तेथे रस्ता नव्हता आणि वीज अनेक वर्षांनी आली. कंदिलाच्या उजेडात आणि हाताशी असेल त्या साधनांनी रुग्ण तपासले गेले. २००८ साली या दांपत्याला रॅमन मॅगसेसे पुरस्कार मिळाला. या पट्ट्यात काम करणाऱ्या आमच्यासारख्या संस्थांना हेमलकसा गुरुस्थानी आहे. साधन साधे असले तरी चालेल, पण ते रुग्णाच्या हाताशी असले पाहिजे, हा धडा आम्ही तेथून घेतला आहे.

आज चमच्याऐवजी रंग बदलणारी पट्टी मिळते. ती लघवीत बुडवली की तिच्यावरील पिवळा ठिपका प्रथिनांच्या प्रमाणानुसार हिरवट आणि मग गडद हिरवा होतो. लिहितावाचता न येणाऱ्या आईलाही पिवळा व हिरवा रंग ओळखता येतो. या लेखातील सर्वांत महत्त्वाची वस्तू हीच आहे.

उपचार

प्रतिजैविके उपलब्ध नव्हती त्या काळी या आजाराची निम्म्याहून अधिक मुले दगावत, आणि बहुतेक जंतुसंसर्गाने दगावत. १९५० च्या दशकात स्टिरॉइड औषधे आली आणि चित्र पालटले. आज योग्य उपचार मिळालेल्या मुलांपैकी दर दहांमागे आठ किंवा अधिक मुले स्टिरॉइडला प्रतिसाद देतात.

औषध सुरू करण्यापूर्वी क्षयरोग, हिवताप, सिकलसेल व कावीळ ब यांच्या तपासण्या होतात आणि जंताचे औषध दिले जाते. पहिल्या वेळी प्रेडनिसोलोन हे औषध सहा आठवडे रोज, आणि त्यानंतर कमी मात्रेत सहा आठवडे एक दिवसाआड, असे एकूण बारा आठवडे देतात. मात्रा मुलाच्या वजनावरून व अंगलटीवरून डॉक्टर ठरवतात. शेजारच्या मुलाची मात्रा आपल्या मुलाला लागू होत नाही.

येथे एक अडचण उद्भवते. सूज साधारण दहापंधरा दिवसांत उतरते, पण औषध बारा आठवडे चालू ठेवायचे असते. मूल हसते, खेळते, जेवते. मग औषध कशासाठी, असे घरच्यांना वाटणे स्वाभाविक आहे. परंतु अर्ध्यावर सोडलेल्या औषधाने आजार उलटण्याची शक्यता वाढते. शिवाय आठवडेच्या आठवडे बाहेरून स्टिरॉइड मिळत राहिल्याने शरीराची स्वतःचे स्टिरॉइड बनवण्याची क्रिया मंदावलेली असते. औषध एकाएकी थांबले तर मूल गळून जाते आणि साधा तापही त्याच्या जिवावर बेतू शकतो.

दुसरी अडचण चेहऱ्याची. आजाराची सूज उतरते आणि काही आठवड्यांनी औषधामुळे मुलाचे गाल गोल दिसू लागतात, भूक वाढते, वजन चढते. ‘सूज परत आली’ असे समजून कित्येक पालक औषध बंद करतात. हा गोलपणा औषध कमी झाल्यावर ओसरतो. गाल फुगले ते आजाराने की औषधाने, हे चेहरा पाहून ठरवू नये. ते पट्टी सांगते.

पावसाळ्यातील धडा

काही वर्षांपूर्वी ऐन उन्हाळ्याच्या शेवटी साडेचार वर्षांचा एक मुलगा आमच्याकडे दाखल झाला. त्याचे निदान वेळेवर झाले, तपासण्या झाल्या, औषध सुरू झाले आणि बाराव्या दिवशी लघवी स्वच्छ झाली. दोन आठवड्यांची औषधे बांधून देऊन, संपण्यापूर्वी पुन्हा यावे असे सांगून आम्ही त्याला घरी पाठवले. सांगणे मराठीतून झाले. त्याच्या आईची भाषा माडिया होती.

मृग लागला आणि नाल्यांना पूर आला. या भागातील पावसाळा ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो की, पर्लकोटा नदी चढल्यावर भामरागड तालुक्याचा संपर्क दिवसचे दिवस तुटल्याचे अनेक पावसाळ्यांत घडले आहे. आतल्या पाड्यांची स्थिती त्याहून कठीण. मुलाचे औषध संपले. तो खेळत होता, म्हणून घरी कोणाला चिंता वाटली नाही. श्रावणात सूज परतली, तेव्हा गावच्या पुजाऱ्याला दाखवण्यात आले. मग ताप आला आणि पोट दुखू लागले. नातेवाइकांनी खाटेची कावड करून त्याला रस्त्यापर्यंत आणले आणि तेथून तो आमच्याकडे पोहोचला. पोटातील पाण्यात जंतुसंसर्ग झाला होता. दुसऱ्या रात्री तो गेला.

आमच्या नोंदवहीत त्या मुलाच्या नावापुढे आधीच एक शेरा लिहिलेला होता : ‘रुग्ण पुन्हा आला नाही.’ कागदोपत्री तो अचूक होता. पुढील बैठकीत बालरोग विभागाच्या परिचारिकेने विचारले, पूर आलेल्या नाल्यावरून ती आई येणार कशी होती? त्या प्रश्नाला आमच्याजवळ उत्तर नव्हते. शेऱ्यातील वाक्याचा कर्ताच चुकला होता. रुग्ण आला नाही हे खरे, पण औषध त्याच्यापर्यंत पोहोचवण्याची जबाबदारी आमची होती आणि तेच पोहोचले नव्हते.

त्यानंतर आम्ही काही गोष्टी बदलल्या. रोहिणी नक्षत्रानंतर घरी जाणाऱ्या प्रत्येक मुलाबरोबर उपचाराचा उरलेला संपूर्ण काळ पुरेल इतके औषध, आठवड्यानुसार वेगवेगळ्या पुड्यांत बांधून देतो. त्याची मात्रा व जोखीम गावच्या आशा कार्यकर्तीला समजावून सांगतो. घरी जाण्यापूर्वी आईकडून सलग तीन दिवस पट्टीची परीक्षा करवून घेतो आणि सर्व सूचना माडिया किंवा गोंडी बोलणाऱ्या सहकाऱ्याकडून दिल्या जातात. नोंदवहीतील रकानाही बदलला. आता तेथे विचारलेले असते : ‘औषध कोणत्या तारखेपर्यंत पुरेल? त्यापूर्वी कोण पोहोचेल?’

गावातील स्त्रीला नीट शिकवले तर ती मुलाचा जीव वाचवू शकते, हे याच जिल्ह्यात सिद्ध झालेले आहे. डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने खेड्यातील आरोग्यदूतांच्या साहाय्याने नवजात बालकांचे मृत्यू कमी करून दाखवले आणि त्याचा अहवाल १९९९ साली ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाला. आमचे काम त्या मानाने लहान आहे, पण वाट तीच आहे.

घरची वही

प्रत्येक मुलाला आम्ही एक वही देतो. तिच्यात रोजच्या तारखेपुढे एक रिकामा गोल असतो. सकाळी उठल्याबरोबरची पहिली लघवी स्वच्छ वाटीत घ्यावी, पट्टी बुडवून लगेच काढावी आणि डबीवर सांगितलेल्या वेळी रंग जुळवून तोच रंग गोलात भरावा. आरंभी हे रोज करावे. मूल बरे राहू लागल्यावर डॉक्टरांच्या सल्ल्याने आठवड्यातून दोनतीनदा पुरते. सर्दी, खोकला वा ताप आला की पुन्हा रोज सुरू करावे, कारण आजार पुष्कळदा अशा दुखण्याच्या पाठोपाठ उलटतो. दमट हवेत पट्ट्या लवकर बिघडतात. म्हणून डबीचे झाकण घट्ट लावावे आणि ती चुलीपासून व पावसाच्या ओलीपासून दूर ठेवावी.

सलग तीन दिवस पट्टी पिवळी राहिली किंवा जेमतेम छटा बदलली, तर आजार आटोक्यात आहे असे समजावे. सलग तीन दिवस गडद हिरवी, म्हणजे तीन किंवा चार अधिक चिन्हांची आली, तर आजार उलटला आहे असे समजून सूज येण्याची वाट न पाहता कळवावे. सूज येण्यापूर्वीच कळले तर बहुतेक मुलांना दाखल करावे लागत नाही.

आजार उलटणे म्हणजे उपचाराचे अपयश नव्हे, हेही येथे स्पष्ट केले पाहिजे. स्टिरॉइडला प्रतिसाद देणाऱ्या बहुसंख्य मुलांमध्ये तो एकदा तरी उलटतो, काहींत वारंवार उलटतो. बहुतेक वेळा तो पुन्हा आटोक्यात आणता येतो. वारंवार उलटणाऱ्या मुलांसाठी लेव्हामिसोलसारखी इतर औषधे आहेत.

आहार, मीठ आणि लसी

सूज असताना मीठ कमी करावे लागते, आणि या प्रदेशात हे सांगणे कठीण जाते. मीठ ही येथे एके काळी दुर्मीळ वस्तू होती. बाहेरचे व्यापारी मापभर मिठाच्या बदल्यात मापभर चारोळी घेऊन जात, हे जुन्या मंडळींना ठाऊक आहे. ज्या घराने मिठासाठी असा व्यवहार सोसला, त्या घरातील आजीला नातवाच्या ताटातून मीठ काढायला सांगणे म्हणजे त्याचा घासच काढून घेण्यासारखे वाटते. म्हणून आम्ही आजीलाही समोर बसवून समजावतो. मीठ पूर्ण बंद करायचे नाही. सूज असेतोवर वरून मीठ घालू नये. सुकी मासळी, लोणचे, पापड आणि पुड्यांतील खारे पदार्थ टाळावेत. सूज उतरली की घरचे नेहमीचे, बेताच्या मिठाचे जेवण चालते.

प्रथिने वाहून जातात म्हणून महागड्या पावडरींचे डबे विकत घेण्याची गरज नाही. त्यासाठी शेळी विकलेली कुटुंबे आम्ही पाहिली आहेत. भात, वरण, अंडे, ताजे मासे, पालेभाज्या असा घरचा चौरस आहार पुरेसा आहे. तेलकट व तळलेले कमी असावे. पाणी डॉक्टरांनी सांगितल्याखेरीज तोडू नये.

स्टिरॉइड जास्त मात्रेत चालू असताना काही जिवंत लसी पुढे ढकलाव्या लागतात, तर न्यूमोनियापासून संरक्षण देणारी लस या मुलांना आवर्जून द्यावी लागते. लसीकरणाचे कार्ड व वही दोन्ही नेहमी बरोबर आणावीत. घरात किंवा अंगणवाडीत कांजिण्या निघाल्या, तर त्याच दिवशी कळवावे.

केव्हा धाव घ्यावी?

पुढीलपैकी एकही लक्षण दिसल्यास पट्टीची वाट न पाहता जवळच्या रुग्णालयात न्यावे : तापासह पोटदुखी, लघवी फार कमी होणे वा बंद होणे, सततच्या उलट्या वा जुलाब, धाप लागणे, एकच पाय दुखून सुजणे, तीव्र डोकेदुखी, झटके किंवा सुस्ती, सुजलेल्या कातडीवर लालसर, गरम चट्टा. कोणत्याही दवाखान्यात गेले तरी मूल स्टिरॉइडवर आहे, हे प्रथम सांगावे.

पुढचे आयुष्य

स्टिरॉइडला प्रतिसाद देणाऱ्या मुलांचे मूत्रपिंड दीर्घकाळ उत्तम काम करतात. वय वाढेल तसे आजार उलटण्याचे प्रमाण घटते आणि बहुतेक मुले वयात येईपर्यंत त्यातून मोकळी होतात. जी थोडी मुले स्टिरॉइडला दाद देत नाहीत, त्यांच्या मूत्रपिंडाचा सूक्ष्म तुकडा काढून तपासावा लागतो आणि निराळी औषधे द्यावी लागतात. अशा मुलांना आम्ही नागपूरच्या मोठ्या रुग्णालयांकडे पाठवतो. हेमलकशापासून नागपूर तीनशे किलोमीटरहून अधिक दूर आहे, म्हणून सोबत रुग्णालयाचा एक माणूस आणि प्रवासखर्च दिला जातो.

नम्र निवेदन

देणगीदार आम्हांला विचारतात, आमच्या पैशातून कोणते यंत्र आले? यंत्रांची यादी या अहवालात अन्यत्र दिली आहे. परंतु या आजारापुरते आमचे उत्तर वेगळे आहे. तुमच्या पैशातून पट्ट्यांची एक डबी, आठवड्यांच्या बारा पुड्या, एक वही, एक रंगीत खडूंची पेटी आणि हे सारे घेऊन पुरापूर्वी गावात पोहोचणारा एक माणूस आला. यांपैकी कशावरही दात्याच्या नावाची पाटी लावता येत नाही, याची आम्हांला जाणीव आहे. इतक्या साध्या गोष्टींसाठी निधी मागताना पूर्वी आम्हांला संकोच वाटत असे. तो आता वाटत नाही.

मागील पावसाळ्यानंतर एक आई वही घेऊन आली. आत ओळीने पिवळे गोल होते, मध्ये चार हिरवे, आणि मग पुन्हा पिवळे. चौथ्या हिरव्या गोलाच्या दिवशी तिने आशाताईला बोलावले होते. मूल तिच्या कडेवर होते आणि खडू मागत होते. ती वही आम्ही प्रशासन विभागाच्या कपाटात, लेखापरीक्षणाच्या फायलींशेजारी जपून ठेवली आहे. विश्वस्त मंडळाने ती अवश्य पाहावी, ही विनंती.